रस्ते अपघातात घरचे माणूस गेल्यावर नुकसानभरपाई कशी ठरते : पहिल्यांदाच दावा करणाऱ्या कुटुंबासाठी

मोटार अपघात दावा न्यायाधिकरण, म्हणजे बोलण्यातले 'क्लेम कोर्ट', जिवाची किंमत करत नाही. ते इतकेच पाहते, की हा माणूस जगला असता तर घरात किती पैसा आला असता आणि किती वर्षे. या हिशोबाचे सूत्र सर्वोच्च न्यायालयाने बांधून दिले आहे. वय, उत्पन्न, नोकरीचा प्रकार आणि अवलंबून असलेली माणसे एवढे कळले की साधारण रक्कम कोणालाही कागदावर मांडता येते. मात्र सूत्रातल्या प्रत्येक आकड्याला पुरावा लागतो. सारख्याच पगाराच्या दोन माणसांच्या घरी वेगवेगळी रक्कम येते, तेव्हा फरक बहुतेक वेळा कागदांत असतो.

आधी दावा कोणत्या कलमात बसतो ते पाहा

दुसऱ्या वाहनाच्या चालकाची चूक असेल आणि ते वाहन सापडले असेल, तर मोटार वाहन कायदा १९८८ च्या कलम १६६ खाली दावा करायचा. पूर्ण हिशोबाने भरपाई मिळते ती याच कलमाखाली आणि हा लेख मुख्यतः त्याबद्दल आहे.

चालकाची चूक सिद्ध होण्यासारखी नसेल तर कलम १६४ आहे. तिथे चूक दाखवावी लागत नाही आणि मृत्यूसाठी ५ लाख रुपये ठरलेले आहेत. विमा कंपनीचा माणूस घरी येऊन हे ५ लाख लवकर मिळवून देतो म्हणाला, तर सही करण्यापूर्वी थांबा. कलम १६४ ची रक्कम कलम १४९ च्या पद्धतीने स्वीकारली की कलम १६६ चा दावा संपुष्टात येतो. कमावता माणूस गेला असेल तर हा सौदा जवळजवळ नेहमीच तोट्याचा ठरतो.

धडक देऊन पळालेले वाहन सापडलेच नाही, तर कलम १६१ आणि त्याखालची २०२२ ची योजना लागू होते. मृत्यूसाठी २ लाख रुपये मिळतात. त्यासाठी न्यायाधिकरणात जायचे नसते. अपघात जिथे झाला तिथल्या तहसीलदार किंवा प्रांत कार्यालयात अर्ज द्यायचा आणि मंजुरी जिल्हाधिकारी पातळीवर होते. पुढे वाहन सापडून पूर्ण भरपाई मिळाली, तर हे २ लाख त्यातून परत जातात.

दुचाकी आपोआप घसरून स्वार गेला असेल, तर कलम १६६ चा उपयोग नाही, कारण चूक ज्याची तोच मृत आहे. अशा वेळी वाहनाची विमा पॉलिसी उघडून 'मालक-चालक वैयक्तिक अपघात संरक्षण' ही ओळ शोधा. हप्ता भरलेला असेल, मृत व्यक्ती स्वतः वाहनाची मालक असेल आणि परवाना वैध असेल, तर १५ लाखांपर्यंतची रक्कम त्यातून मिळते. हा दावा थेट विमा कंपनीकडे करायचा असतो. ही ओळ न वाचताच फायली बंद झालेली घरे कमी नाहीत.

माणूस कामावर असताना गेला असेल, उदाहरणार्थ ट्रकचा क्लीनर, तर सामाजिक सुरक्षा संहितेखालच्या कर्मचारी भरपाईचाही (नोव्हेंबर २०२५ पूर्वी कर्मचारी भरपाई कायदा) रस्ता असतो. पण कलम १६७ नुसार दोन्हींपैकी एकच निवडावा लागतो.

पोलिसांकडचे कागद

दाव्याचा पाया पोलीस ठाण्यात घातला जातो. फिर्याद, घटनास्थळ पंचनामा आणि त्याचा नकाशा, मरणोत्तर पंचनामा, शवविच्छेदन अहवाल, दोन्ही वाहनांची नोंदणी, चालकाचा परवाना, विमा पॉलिसी आणि शेवटी दोषारोपपत्र, हे सगळे लागते. १ जुलै २०२४ नंतरच्या अपघातात गुन्हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १०६(१) आणि २८१ खाली नोंदला जातो. त्याआधीच्या फिर्यादींत भारतीय दंड संहितेची कलमे ३०४-अ आणि २७९ दिसतील.

केंद्रीय मोटार वाहन नियमांतल्या २०२२ च्या दुरुस्तीनुसार पोलिसांनी ४८ तासांत पहिला अपघात अहवाल आणि ९० दिवसांत तपशीलवार अपघात अहवाल न्यायाधिकरणाला पाठवायचा असतो. हा अहवालच दाव्याचा अर्ज म्हणून धरता येतो. कागदावर व्यवस्था छान आहे. प्रत्यक्षात अहवालात कुटुंबाची माहिती अपुरी असते, आईवडिलांची नावे नसतात, उत्पन्नाच्या रकान्यात 'मजुरी' एवढेच लिहिलेले असते. म्हणून तपास अंमलदाराकडे उत्पन्नाचे आणि वारसांचे कागद लेखी पत्रासोबत द्या, पोच घ्या आणि स्वतंत्र दावाही वेळेत दाखल करा.

नकाशा नीट पाहा. वाहने रस्त्याच्या कोणत्या बाजूला होती, ब्रेकच्या खुणा किती लांब होत्या, रस्ता किती रुंद, दुभाजक होता का, यावरच पुढे 'चूक कोणाची' हे ठरते. पंचनाम्यात उघड चूक दिसली तर वरिष्ठांकडे लगेच लेखी अर्ज द्या. दोन वर्षांनी उलटतपासणीत ती दुरुस्त होत नाही.

फिर्याद उशिरा झाली म्हणून दावा बुडत नाही. माणूस आयसीयूत असताना घरचे ठाण्यात गेले नाहीत, हे न्यायालयांना समजते. मात्र उशिराचे कारण फिर्यादीत लिहिलेले असावे. फिर्यादीत वाहन 'अज्ञात' आणि महिन्याभराने अचानक क्रमांक समोर आला, तर विमा कंपनी वाहन नंतर घुसवल्याचा आरोप करते. अशा वेळी सीसीटीव्ही, टोलनाक्याची नोंद, साक्षीदाराचा लवकर घेतलेला जबाब यांवर सगळी भिस्त राहते. सीसीटीव्हीचे चित्रण थोड्याच दिवसांत पुसले जाते. ते जपून ठेवण्याचे पत्र पोलिसांना पहिल्याच आठवड्यात द्या.

कोण, कोणाविरुद्ध, कुठे आणि कधीपर्यंत

अर्जदारांच्या यादीत पत्नी किंवा पती, मुले, आई, वडील ही सगळी नावे हवीत. अज्ञान, म्हणजे अठरा वर्षांखालच्या, मुलांची नावे पालनकर्त्यामार्फत घालतात. सासू-सुनेचे पटत नाही म्हणून आईचे नाव गाळले जाते आणि त्याने दोघींचेही नुकसान होते. ते किती, हे पुढच्या हिशोबात दिसेल. सासू जावयावर अवलंबून असेल तर तीही कायदेशीर प्रतिनिधी ठरू शकते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये म्हटले आहे. कमावती, लग्न झालेली मुलेही अर्ज करू शकतात, पण त्यांचे अवलंबून असणे वेगळे सिद्ध करावे लागते. विधवेने पुनर्विवाह केला म्हणून तिचा हक्क जात नाही. मुंबई उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये हे स्पष्ट केले आहे.

सामनेवाल्यांत वाहनमालक आणि विमा कंपनी असतात, चालकालाही जोडलेले बरे. मालक म्हणजे अपघाताच्या दिवशी नोंदणी ज्याच्या नावावर होती तो. गाडी विकली होती पण आरटीओत नाव बदलले नव्हते, हा बचाव त्याला वाचवत नाही. एसटी बस असेल तर महामंडळ सामनेवाले.

दावा अपघाताच्या ठिकाणी, अर्जदार राहतात तिथे किंवा सामनेवाले राहतात तिथे, यांपैकी कुठेही दाखल होतो. साताऱ्याचा माणूस गुजरातमधल्या महामार्गावर गेला तरी दावा साताऱ्यात चालू शकतो. दर तारखेला वलसाडला जाण्याची गरज नाही. साक्षीदार मात्र तिकडून आणावे लागतील, हे धरून चाला.

मुदतीबाबत बेफिकीर राहू नका. १ एप्रिल २०२२ पासून कलम १६६(३) नुसार अपघातापासून ६ महिन्यांत अर्ज करायचा आहे. या तरतुदीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेले आहे आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये न्यायालयाने अंतरिम आदेश देऊन, केवळ मुदत संपली म्हणून दावे फेटाळू नयेत असे सांगितले. अंतरिम आदेश म्हणजे अंतिम निकाल नव्हे. सहा महिन्यांच्या आत दाखल करणे हाच सुरक्षित मार्ग. त्यात आणखी एक फायदा आहे. व्याज सर्वसाधारणपणे अर्ज दाखल झाल्याच्या तारखेपासून मिळते, अपघाताच्या तारखेपासून नाही.

वकिलाचे शुल्क लेखी ठरवा. मिळणाऱ्या रकमेच्या टक्केवारीवर शुल्क घेणे वकिलांच्या आचारसंहितेत बसत नाही. कोरे धनादेश, कोरे स्टॅम्पपेपर, पासबुक-एटीएम कार्ड कोणालाही देऊ नका. महिला आणि मुले यांना उत्पन्न कितीही असले तरी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो.

हिशोब

सूत्राचे दोन आधार आहेत. २००९ चा सरला वर्मा निकाल आणि २०१७ चा पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा प्रणय सेठी निकाल. कोर्टात 'सरला वर्माचा तक्ता' असे सर्रास म्हणतात.

पहिला आकडा उत्पन्नाचा. पगारदाराच्या एकूण पगारातून फक्त आयकर आणि व्यवसाय कर वजा होतो. भविष्यनिर्वाह निधी, विम्याचा हप्ता, सोसायटीच्या कर्जाचा हप्ता हे वजा होत नाहीत, कारण ते त्याचेच पैसे. विमा कंपनीचे वकील हातात पडणारा पगार धरायला सांगतात, तिथे हरकत घ्यायची. पगारपत्रक, फॉर्म १६, बँकेचा उतारा आणि नेमणूकपत्र जोडा. नुसते पगाराचे सर्टिफिकेट पुरत नाही. ते देणाऱ्या कंपनीचा माणूस हजेरीपट घेऊन साक्षीला यावा लागतो. छोट्या कारखान्याच्या मालकाने मदत म्हणून दिलेले, मागे कुठलीही नोंद नसलेले सर्टिफिकेट उलटतपासणीत पाच मिनिटांत गळून पडते.

धंदेवाईकासाठी आयकर विवरणपत्रे. मृत्यूपूर्वीच्या तीन वर्षांची असली तर उत्तम. मृत्यूनंतर भरलेल्या विवरणपत्राकडे न्यायालय संशयाने पाहते.

शेतकऱ्याचे वेगळे आहे. सातबारा दाखवला की उत्पन्न सिद्ध झाले, असा समज चुकीचा. न्यायालय म्हणते, जमीन कुटुंबाकडेच राहिली, गेले ते राबणारे आणि देखरेख करणारे माणूस. त्यामुळे पिकाचे पूर्ण उत्पन्न धरले जात नाही, त्याच्या श्रमाचे आणि देखरेखीचे मोल धरले जाते. ते वाढवायचे तर तो स्वतः काय करत होता हे दाखवावे लागते : साखर कारखान्याची ऊसबिले, बाजार समितीच्या पट्ट्या, दूध संस्थेचे पासबुक, ट्रॅक्टर भाड्याने चालवत असेल तर त्याच्या पावत्या. त्याच्या मागे जमीन वाट्याने द्यावी लागली असेल तर वाटेकऱ्याची साक्ष सगळ्यांत मोलाची.

काहीच कागद नसेल तर अपघाताच्या तारखेला लागू असलेले किमान वेतन आधार म्हणून धरतात. महाराष्ट्रात ते धंदा, परिमंडळ आणि कौशल्यानुसार बदलते. गवंड्याला 'अकुशल' धरले तर प्रत्येक महिन्याला तोटा, आणि वर्षाचा तोटा पुढे १६-१७ ने गुणला जातो. बांधकाम कामगार मंडळाची नोंदणी, ई-श्रम कार्ड, ठेकेदाराची साक्ष यांनी कौशल्य दाखवा. किमान वेतन ही वरची मर्यादा नाही. साक्षीने त्यापेक्षा जास्त उत्पन्न सिद्ध करता येते.

गृहिणीचे उत्पन्न शून्य नसते. सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये तिच्या कामाचे मानीव, म्हणजे अंदाजाने ठरवलेले, उत्पन्न धरण्यावर आणि त्यावर भावी वाढही देण्यावर शिक्कामोर्तब केले. अर्जात 'घरकाम' एवढेच लिहून थांबू नका. शेतातली कामे, शिलाई, म्हशी, बचत गट, जे असेल ते पासबुकासह मांडा.

दुसरा आकडा भावी वाढीचा. कायम नोकरी असेल तर वय ४० पेक्षा कमी असल्यास ५० टक्के, ४० ते ५० असल्यास ३० टक्के, ५० ते ६० असल्यास १५ टक्के मिळवतात. स्वतःचा धंदा किंवा ठरावीक पगार असेल तर हेच आकडे ४०, २५ आणि १० टक्के. साठीनंतर वाढ नाही. इथे कायम असल्याचे पत्र कामाला येते. ते घरात सापडत नसेल तर कंपनीकडून सेवापुस्तिकेची नक्कल मागवा.

तिसरा आकडा स्वतःवरच्या खर्चाच्या वजावटीचा. मृत व्यक्ती विवाहित असेल तर अवलंबून असलेले २-३ असल्यास एक-तृतीयांश, ४ ते ६ असल्यास एक-चतुर्थांश, ६ पेक्षा जास्त असल्यास एक-पंचमांश. अविवाहित असेल तर साधारणपणे निम्मे वजा होतात. वडील हयात नाहीत, आई आणि लहान भावंडे त्याच्यावरच होती, असे दाखवले तर अविवाहितासाठीही वजावट एक-तृतीयांशावर येऊ शकते. वडील कमावते असतील तर ते सहसा अवलंबून मानले जात नाहीत.

चौथा गुणक, म्हणजे वजावटीनंतरची वर्षाची रक्कम ज्या आकड्याने गुणतात तो. तो मृत व्यक्तीच्या वयावर ठरतो, आईच्या किंवा पत्नीच्या नव्हे. अविवाहित मुलाच्या दाव्यात आईचे वय लावून गुणक कमी करण्याचा प्रयत्न अजून होतो, तो २०१७ नंतर टिकत नाही.

१५ ते २५ वर्षे : १८
२६ ते ३० : १७
३१ ते ३५ : १६
३६ ते ४० : १५
४१ ते ४५ : १४
४६ ते ५० : १३
५१ ते ५५ : ११
५६ ते ६० : ९
६१ ते ६५ : ७
६५ च्या पुढे : ५

वयाचा पुरावा म्हणून शाळा सोडल्याचा दाखला द्या. ऑक्टोबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एका अपघात दाव्यातच सांगितले की आधार कार्ड जन्मतारखेचा पुरावा नाही आणि दाखल्यावरची तारीख धरून गुणक १३ ऐवजी १४ लावला. ग्रामीण भागात आधारवर '१ जानेवारी' ही अंदाजे तारीख किती कार्डांवर आहे, हे सगळ्यांना ठाऊक आहे.

पाचवे, ठरावीक रकमा. प्रणय सेठी निकालात मालमत्तेच्या हानीसाठी (माणूस जगला असता तर मागे ठेवली असती ती बचत) १५,०००, अंत्यविधीसाठी १५,००० आणि सहवास हरवल्याबद्दल ४०,००० ठरले आणि दर तीन वर्षांनी १० टक्के वाढ सांगितली. ऑक्टोबर २०२३ नंतरचे आकडे १८,१५०, १८,१५० आणि ४८,४०० असे होतात. सहवासाची रक्कम पत्नीपुरती नसून मुले आणि आईवडील यांनाही प्रत्येकी मिळते, हे २०१८ च्या निकालापासून चालत आले आहे. अर्जात फक्त पत्नीसाठी मागण्याची जुनी सवय काही नमुन्यांत अजून दिसते. मृत्यूपूर्वी उपचार झाले असतील तर दवाखान्याची बिले याशिवाय वेगळी मिळतात. मूळ बिले जपा.

आता हे सगळे एका माणसावर लावून पाहू. वय ३४, चाकणच्या कारखान्यात कायम नोकरी, पगार महिना ३०,०००. घरी पत्नी, दोन मुले, आई.

वर्षाचा पगार ३,६०,०००. व्यवसाय कर २,५०० वजा केला, आयकर लागत नाही असे धरले : ३,५७,५००. त्यात ५० टक्के वाढ : ५,३६,२५०. अवलंबून चौघे, म्हणून एक-चतुर्थांश वजा : ४,०२,१८७.५०. गुणक १६ : ६४,३५,०००. सहवास ४८,४०० चौघांना : १,९३,६००. मालमत्ता आणि अंत्यविधी मिळून ३६,३००. एकूण ६६,६४,९००.

कायम असल्याचे पत्र सापडले नाही आणि वाढ ४० टक्केच धरली, तर गुणाकाराची रक्कम ६०,०६,००० होते. एका पत्राचे ४,२९,००० गेले. आईचे नाव गाळले तर अवलंबून तिघेच उरतात, वजावट एक-तृतीयांश होते आणि गुणाकार ५७,२०,००० वर येतो. ७,१५,००० तिथे आणि तिच्या सहवासाचे ४८,४०० वर, म्हणजे घराचे ७,६३,४०० कमी. वयाच्या घोळात तो ३६ वर्षांचा धरला गेला तर चार लाखांहून जास्त रक्कम हातची जाते.

अविवाहित तरुणाचा हिशोब कसा आक्रसतो तेही पाहा. वय २३, कागदी करार नसलेले काम, सिद्ध झालेले उत्पन्न महिना १८,०००. ४० टक्के वाढीने २५,२००, निम्मे वजा होऊन १२,६००, वर्षाचे १,५१,२००, गुणक १८ ने २७,२१,६००. आई आणि वडील दोघांचे सहवासाचे ९६,८०० आणि ३६,३०० मिळवून २८,५४,७००. लहान मुलांच्या मृत्यूत मानीव उत्पन्न धरतात. तिथे निकालांत बराच फरक दिसतो, त्यामुळे आपल्या उच्च न्यायालयाचे ताजे निकाल वकिलाने दाखवले पाहिजेत.

यातून काय वजा होत नाही, हेही लक्षात ठेवा. आयुर्विम्याची रक्कम वजा होत नाही. हे सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्ये आपल्याच एसटी महामंडळाविरुद्धच्या दाव्यात ठरवले. भविष्यनिर्वाह निधी, कुटुंब निवृत्तिवेतन, अनुकंपा नोकरी यांचाही हिशोबाशी संबंध नाही. लोकांना वाटते विमा मिळाल्याचे सांगितले तर भरपाई कापतील, म्हणून ते साक्षीत लपवतात आणि विश्वासार्हता घालवून बसतात.

अर्जात रक्कम कमी मागितली गेली तरी न्यायाधिकरण न्याय्य वाटेल तेवढी जास्त देऊ शकते. उत्पन्न फुगवून सांगणे मात्र महागात पडते. अर्जात ५०,००० आणि बँकेत दरमहा २२,००० दिसले, की पुढच्या प्रत्येक विधानाकडे त्याच नजरेने पाहिले जाते.

चुकीचा वाटा

हिशोब पूर्ण झाल्यावर विमा कंपनी मृत व्यक्तीचीही चूक होती असे म्हणते. न्यायालयाला पटले तर तेवढे टक्के कापले जातात. वरच्या उदाहरणात २० टक्के म्हणजे १३,३२,९८०. सगळ्या बारीकसारीक वजावटींपेक्षा ही मोठी, म्हणून नकाशा आणि प्रत्यक्षदर्शी यांवर सुरुवातीपासून जोर द्यायचा. फौजदारी खटल्यासारखा 'संशयातीत' पुरावा इथे लागत नाही, जास्त संभव कोणत्या बाजूला आहे एवढेच पाहतात. चालक फौजदारी खटल्यातून सुटला तरी दावा आपोआप पडत नाही.

दुचाकीवर तिघे होते म्हणजे चूक झालीच, असेही नाही. तिघे बसल्यामुळे अपघात घडला किंवा इजा वाढली, हे विमा कंपनीने दाखवायचे असते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये म्हटले. मृत व्यक्ती प्रवासी किंवा मागे बसलेली असेल आणि दोन्ही वाहनांची चूक असेल, तर पूर्ण रक्कम कोणत्याही एकाकडून वसूल करता येते. दोन्ही वाहनांना सामनेवाले करून ठेवणे तरीही सोयीचे.

विमा कंपनीचे ठरलेले बचाव

चालकाकडे योग्य परवाना नव्हता, हा पहिला. हलक्या वाहनाचा परवाना असलेला माणूस ७,५०० किलोपर्यंतचे मालवाहू किंवा प्रवासी वाहन चालवू शकतो, असे घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये सांगितल्यापासून छोट्या टेंपोंबाबतचा हा वाद बराच मिटला. परवाना खरोखरच नसला तरी अनेकदा न्यायाधिकरण कंपनीला आधी कुटुंबाला पैसे देऊन नंतर मालकाकडून वसूल करायला सांगते. अर्जातच तशी पर्यायी मागणी लिहून ठेवा.

मालवाहू टेंपोत फुकट बसलेला प्रवासी, हा दुसरा, आणि तो जास्त घातक. लग्नाला किंवा यात्रेला टेंपोतून गेलेल्यांच्या दाव्यांत कंपनी बहुधा जबाबदारीतून सुटते. माणूस स्वतःचा माल घेऊन चालला असेल, तर मालाची पावती शोधा.

विमाच नसेल तर जबाबदारी मालकाची. अशा वेळी पोलिसांनी वाहन सोडून देण्याआधी न्यायालयात हरकत घ्या. तारणाशिवाय ते वाहन सोडायचे नसते आणि तारण दिले नाही तर विकून आलेली रक्कम न्यायाधिकरणात जमा होऊ शकते. एकदा वाहन गेले की वसुली जिल्हाधिकाऱ्यांमार्फत जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी करावी लागते आणि त्यात वर्षे जातात.

पॉलिसी तपासताना तारखेबरोबर वेळही पाहा. सकाळी अपघात आणि दुपारी पॉलिसी, असे प्रकार असतात. कंपनीचे नाव कळत नसेल तर एमपरिवहन अॅपवर वाहन क्रमांक टाकून पाहता येते.

तडजोड, निवाडा आणि पैसा

लोकअदालतीत तडजोडीचा प्रस्ताव आला तर वरचा हिशोब स्वतः मांडा आणि त्यात व्याज मिळवा. व्याज बहुधा ६ ते ९ टक्क्यांच्या दरम्यान देतात. ७.५ टक्के धरले तर आपल्या उदाहरणात वर्षाला जवळपास ५ लाख होतात. त्यातून थोडे सोडून पैसे लगेच मिळत असतील आणि चुकीच्या वाट्याचा धोका असेल, तर तडजोड शहाणपणाची. पुरावा पक्का असताना 'व्याज सोडा, वर थोडे कमी करा' हे मान्य करणे म्हणजे लाखोंवर पाणी सोडणे. लोकअदालतीतल्या निवाड्यावर अपील नाही.

न्यायाधिकरणाचा निवाडा पटला नाही तर ९० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते, वादातली रक्कम १ लाखापेक्षा कमी नसेल तर. कंपनीने अपील केले म्हणून घाबरू नका. जमा झालेल्या रकमेतला काही भाग अपील चालू असतानाही काढण्याची परवानगी मागता येते.

निवाड्यानंतर सामनेवाल्यांनी ३० दिवसांत रक्कम भरायची असते. प्रत्येक अर्जदाराचे स्वतःच्या नावाचे बँक खाते आणि पॅन आधीच फायलीत द्या. मार्च २०२५ पासून सर्वोच्च न्यायालयाने रक्कम थेट खात्यात वळती करण्यावर भर दिला आहे. निवाड्यात कोणाचा किती हिस्सा, किती रोख आणि किती मुदत ठेवीत, हे लिहिलेले असते. ते वाचल्याशिवाय वकिलाचे शेवटचे शुल्क चुकते करू नका. मुलांचा हिस्सा अठरा वर्षांपर्यंत राष्ट्रीयीकृत बँकेत ठेवतात. त्यावर कर्ज काढता येत नाही, पण शिक्षण किंवा आजारपणासाठी न्यायाधिकरणात साधा अर्ज देऊन फीची पावती किंवा डॉक्टरांचे अंदाजपत्रक जोडले तर त्यातून रक्कम मिळते. मूल सज्ञान झाल्यावर पैसे काढताना बँक निवाड्याची प्रत, जन्मतारखेचा दाखला आणि मूळ ठेवपावती मागते. दहा-बारा वर्षांत शाखा विलीन होतात, खाते क्रमांक बदलतात, म्हणून ठेवपावतीची झेरॉक्स आणि निवाड्याची प्रमाणित प्रत घरात दोन ठिकाणी ठेवा.